अमेरिकेतल्या नॅशनल पार्कचा अपंगांसाठीचा मोफत पास पुण्याहून जाणाऱ्याला मिळतो का?

पौडफाटा

नमस्कार मंडळी. मी आणि सौ. जूनमध्ये लेकीकडे डेन्व्हरला जातोय. सौ.ला लहानपणी पोलिओ झाला होता. डाव्या पायाला कॅलिपर (आधाराचा सांगाडा) आहे, घरात काठी घेऊन चालते, लांब जायचं असलं की व्हीलचेअर. यूडीआयडी कार्ड (सरकारी अपंगत्व ओळखपत्र) आहे, पिवळं, ६० टक्क्यांचं.

जावयांच्या ऑफिसात कोणीतरी सांगितलं की तिकडे अपंग व्यक्तीला राष्ट्रीय उद्यानांचा मोफत पास मिळतो, आणि तोही आयुष्यभरासाठी. आमचं यूडीआयडी तिथे चालेल का? की इथल्या डॉक्टरांकडून इंग्रजीत सर्टिफिकेट घेऊन, नोटरी करून न्यावं? पास इथूनच काढून जायचा की तिथे गेल्यावर?

पैशांचा प्रश्न फार मोठा नाही. पण असा पास असला की तिथली माणसं व्हीलचेअरची सोय नीट सांगतात, असं ऐकलं. सौ.चं म्हणणं एवढंच आहे की मला गाडीत बसवून ठेवणार असाल तर मी येत नाही. महाबळेश्वरला आम्ही सगळे एकेक पॉइंट बघून यायचो आणि ती खाली गाडीत शेंगा सोलत बसायची. ते तिला पुन्हा नको आहे, आणि मलाही.

बरोबर लेक, जावई (दोघांचं ग्रीन कार्ड झालंय) आणि आठ वर्षांचा नातू. त्याचा जन्म तिकडचाच. तो ऑटिस्टिक आहे, गर्दी आणि आवाज सहन होत नाहीत, म्हणून मॉल वगैरे सोडून मोकळ्या जागा शोधतोय.

भटक्या७१

काका, बिनधास्त यूडीआयडी दाखवा. त्यावर इंग्रजीत सगळं असतं. तिकडचे रेंजर एकदम सज्जन असतात, व्हीलचेअर बघितल्यावर कोणी पासपोर्ट मागत नाही. नाही म्हणाले तर तिकीट काढायचं, हाय काय अन् नाय काय.

ओवी_सहकारनगर

काका, वरचा सल्ला मानू नका.

त्या पासाला अ‍ॅक्सेस पास म्हणतात आणि तो फक्त अमेरिकेच्या नागरिकांना किंवा तिथल्या कायम रहिवाशांना, म्हणजे ग्रीन कार्डवाल्यांना मिळतो. काकूंचं अपंगत्व खरं, कागद खरे, तरी पाहुणी म्हणून गेलेल्या व्यक्तीला तो मिळत नाही. नोटरी आणि सर्टिफिकेटांवर पैसे घालवू नका. रेंजर सज्जन असतात हे खरं आहे, पण पास देताना ‘मी पात्र आहे’ अशी सही घेतात. काकूंना परक्या देशात तशी सही करायला लावायची काही गरज नाही.

पण तुम्ही शेवटच्या दोन ओळी सहज लिहून गेलात, त्यातच तुमचं उत्तर आहे. पास तुमच्या नातवाला मिळतो.

मी हे अनुभवाने सांगतेय. आम्ही बरीच वर्षं कोलोरॅडोत होतो, आता पुण्यात आहोत. माझ्या लेकाला सेरेब्रल पाल्सी आहे, त्याचा जन्म तिकडचाच. त्याचा पास तो शाळेत जायला लागण्याआधीच काढला, कारण त्याला वयाची अट नाही. पूर्वी याला गोल्डन अ‍ॅक्सेस पासपोर्ट म्हणायचे. २००७ पासून सगळ्या केंद्रीय पासांची एकच मालिका केली, तेव्हा आताचं नाव आलं.

आपल्याकडे पहिला प्रश्न असतो ‘किती टक्के?’ ३९ आले तर माणूस रांगेच्या बाहेर, ४० आले तर आत. या पासाला टक्केवारीच नाही. अपंगत्व कायमचं असावं आणि त्यामुळे रोजच्या जगण्यातली एखादी मोठी गोष्ट बरीच अडत असावी, एवढंच बघतात. चालणं, बघणं, ऐकणं, बोलणं, श्वास घेणं, शिकणं, काम करणं, स्वतःचं स्वतः आवरणं, यातलं काहीही. शारीरिक, मानसिक आणि संवेदनांशी संबंधित असे तिन्ही प्रकार त्यात येतात. म्हणजे ऑटिझमला दार बंद नाही. व्हीलचेअर दिसली पाहिजे असंही नाही. आमच्या ओळखीत एका मुलीला पास होता, तिच्याकडे बघून कोणाला काही कळलंही नसतं.

कागद म्हणाल तर सगळ्यात सोपं म्हणजे तिथल्या परवानाधारक डॉक्टरचं सहीचं पत्र. अपंगत्व कोणतं, ते कायमचं आहे आणि त्याने काय अडतं, हे त्यात स्पष्ट हवं. अपंगत्वाचे सरकारी पैसे मिळत असतील तर त्याचा केंद्र सरकारचा कागद चालतो, राज्याच्या पुनर्वसन खात्याचाही चालतो. गाडीला लटकवायचं निळं पार्किंगचं कार्ड मात्र पुरावा म्हणून चालत नाही. पुष्कळ लोक तेवढंच घेऊन जातात आणि गेटवर हिरमुसतात. नातवाच्या ओळखीचा आणि नागरिकत्वाचा कागद लेकीने जवळ ठेवावा. पास पार्कच्या गेटवर किंवा व्हिजिटर सेंटरमध्येच काढा. तिथे काहीच पैसे पडत नाहीत, टपालाने मागवला तर प्रक्रिया शुल्क लागतं.

आता तुमच्या कामाचं. जिथे गाडीमागे पैसे घेतात तिथे पासवाला आणि त्याच्या खाजगी गाडीतले सगळे मोफत आत जातात. जिथे माणशी पैसे असतात तिथे पासवाला आणि त्याच्याबरोबरचे तीन मोठे. सोळा वर्षांखालच्यांना तसंही तिकीट नसतं. म्हणजे काकू, तुम्ही, लेक, जावई सगळे नातवाच्या गाडीतून जाणार. अट एकच, तो स्वतः बरोबर हवा. ‘आज त्याला बरं नाही, त्याचा पास घेऊन आपण जाऊन येऊ’ हे चालत नाही. टूर कंपनीच्या बसलाही हा पास लागू नाही.

आम्ही पास काढला तेव्हा खिडकीतल्या रेंजर बाईंनी तो माझ्या हातात दिला नाही. त्या बाहेर आल्या, माझ्या लेकाच्या खुर्चीपुढे वाकल्या आणि त्याच्या मांडीवर ठेवला. म्हणाल्या, ही सगळी मंडळी आज तुझी पाहुणी. तोपर्यंत कुठेही गेलं की आम्ही त्याला ‘नेत’ होतो. त्या दिवसापासून बाहेर पडताना तोच विचारायचा, कोण कोण येतंय माझ्याबरोबर?

काय चालत नाही तेही सांगते, म्हणजे तिथे वाद नको. स्टेट पार्क वेगळे, तिथे राज्याचा नियम. पार्कमधली हॉटेलं, बोटी, खाजगी सहली यांना पास लागू होत नाही. सरकारी कॅम्पग्राउंडवर बऱ्याच ठिकाणी निम्मा दर पडतो. आणि रॉकी माउंटनसारख्या पार्कात उन्हाळ्यात वेळ ठरवून आरक्षण करावं लागतं, ते पास असला तरी वेगळं करायचं. तिथे जानेवारी २०२६ पासून आणखी एक बदल झालाय. रॉकी माउंटन, यलोस्टोन, योसेमिटी, ग्रँड कॅन्यन अशा अकरा मोठ्या पार्कांत सोळा वर्षांवरच्या परदेशी पाहुण्याला माणशी १०० डॉलर जादा पडतात. रॉकीला जायचंच असेल तर तुमच्यासाठी काय लागेल ते लेकीने आधी पार्कला फोन करून विचारून ठेवावं.

पण माझं ऐकाल तर काकूंना घेऊन ग्रेट सँड ड्यून्सला जा. ते त्या अकरांत नाही. डेन्व्हरहून दक्षिणेला गाडीने चारेक तास. डोंगरांच्या पायथ्याशी वाळूच्या टेकड्या, उत्तर अमेरिकेतल्या सगळ्यात उंच, सातशे फुटांवर. वाळूत व्हीलचेअर कशी जाणार, हे तुमच्या मनात आलंच असेल. तिथल्या व्हिजिटर सेंटरमध्ये वाळूसाठीच्या खुर्च्या आहेत, मोठ्या फुगीर चाकांच्या, मोठ्यांसाठी वेगळी आणि मुलांसाठी वेगळी. भाडं नाही. आधी फोन करून ठेवायची. ती स्वतः ढकलत नेता येत नाही, मागे दणकट माणूस लागतो, ते काम जावयांचं. जूनच्या सुरुवातीला गेलात तर टेकड्यांच्या पायथ्याशी मेडानो क्रीक वाहत असते, घोट्याएवढं पाणी, पोरं दिवसभर त्यात बसून असतात. वाळू, पाणी आणि भरपूर मोकळी जागा. तुमच्या नातवाला आवडेल असं मला मनापासून वाटतं.

सकाळी लवकर जा. उन्हाळ्यात दुपारी ती वाळू ६५ अंश सेल्सियसपर्यंत तापते आणि दुपारनंतर विजा-पाऊस येतो. जागेची उंची आठ हजार फुटांच्या वर आहे, महाबळेश्वरच्या जवळजवळ दुप्पट. डेन्व्हरलाच पाच हजारांवर असाल, तिथे आठवडाभर काढून मग जा. काकूंच्या डॉक्टरांना निघण्याआधी हे सांगा.

पौडफाटा

ओवीताई, एवढं सविस्तर लिहिलंत, फार आभार. सौ.ला वाचून दाखवलं. वाळूच्या खुर्चीचं ऐकल्यावर तिने चष्मा मागून घेऊन स्वतः पुन्हा वाचलं.

लेकीशी बोललो. पासाचं सांगितलं तशी ती गप्प झाली. जावई म्हणाले, बाबा, तो आता कुठे वाक्यं बोलायला लागलाय, थेरपी नीट चाललीये. अशा वेळी डॉक्टरांकडून ‘कायमचं’ असं लिहून घ्यायचं, तेही तिकिटाचे पैसे वाचवायला? मला त्यांचं चुकीचं वाटत नाही. पण तुम्ही लिहिलेलं ते मांडीवर पास ठेवणंही डोक्यातून जात नाही. मी काय बोलावं?

ओवी_सहकारनगर

काका, तुम्ही काहीच बोलू नका. हा निर्णय आईबापांचा आहे. त्यांनी नको म्हटलं तर गाडीमागे २५ डॉलर भरा, सात दिवस चालतात, आणि मजेत जाऊन या. पास नाही म्हणून खुर्ची मिळत नाही असं मुळीच नाही. ती ज्याला गरज आहे त्याला देतात, कोणत्या देशाचा ते विचारत नाहीत.

पण जावयांच्या मनात जे आहे त्याबद्दल लिहिते, हवं तर त्यांना हे वाचायला द्या.

कायमचं म्हणजे तो आहे तसाच राहील, असा त्याचा अर्थ नाही. माझा लेक पाच वर्षांचा असताना चमचा धरत नव्हता, आज लॅपटॉपवर स्वतः ईमेल लिहितो. सेरेब्रल पाल्सी तीच आहे, गेलेली नाही, जाणारही नाही. मूल पुढे जातं आणि अपंगत्वही बरोबर राहतं, या दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या असतात. आईबाप म्हणून आपण त्यांतली एकच खरी मानायला बघतो, कारण दुसरी मान्य केली की पहिली हातातून जाईल असं वाटतं. ती जात नाही. उलट रोज ‘यातून बाहेर येईल’ म्हणून वाट बघणं थांबलं की मूल आज काय करतंय ते दिसायला लागतं.

आणि पैसे हा त्यातला खरंच छोटा भाग आहे. ऑटिझम असलेलं मूल घेऊन तुम्ही सात दिवसांचं तिकीट काढलं की डोक्यात हिशोब सुरू होतो, आता आलोय तर बघून घेऊ. मग तो रडायला लागला तरी आणखी अर्धा तास, आणखी एक पॉइंट. पास असला की वीस मिनिटांत परत फिरता येतं. दुसऱ्या आठवड्यात पुन्हा जाता येतं, पुन्हा वीस मिनिटं. त्याला त्याच जागा, तोच रस्ता, तेच पाणी पुन्हा पुन्हा लागतं ना? मग त्याच्यासारख्याला या पासाइतकी उपयोगी वस्तू कमी असेल. दोन हजारांवर केंद्रीय जागांवर चालतो, सगळीच मोठी उद्यानं नव्हेत, पक्ष्यांची अभयारण्यं, जंगलातली तळी, जिथे शुकशुकाट असतो अशा कितीतरी.

बोलायचंच असेल तर काकूंना बोलू द्या. तुमची लेक कॅलिपर घातलेल्या आईच्या हाताखाली वाढली आहे. ‘कायमचं’ म्हणजे काय ते तिला शाळेत असल्यापासून माहीत आहे. कॅलिपर घालून आईने नोकरी केली की घर केलं मला माहीत नाही, पण पोर वाढवलंच ना? तिला ते तुमच्या तोंडून नको, आईच्या तोंडून ऐकू दे.

ब्रेल_सहा

मी जन्मापासून दृष्टिहीन, कर्वे रोडला राहतो. धागा वाचून एक विचारावंसं वाटलं. आपल्या रेल्वेत माझ्या तिकिटाला सवलत आहे आणि माझ्या सोबत्यालाही तेवढीच आहे, म्हणजे ‘एकट्याने जमत नाही’ हे आपल्याकडे कोणीतरी कधीतरी समजून घेतलेलं आहे. मग बागा, किल्ले, प्राणिसंग्रहालयं यांच्यासाठी देशभर चालणारा एकच पास का नसावा? दर ठिकाणी खिडकीवर नवीन माणूस, नवीन नियम, नवीन ‘साहेबांना विचारतो’.

ओवी_सहकारनगर

@ब्रेल_सहा, अगदी मनातलं. सोबत्याचं तर शंभर टक्के.

पण पुण्यात मला तिकिटाहूनही दार नडतं. आमच्या घराजवळच्या एका बागेला तिकीटच नाही. दुचाक्या आत जाऊ नयेत म्हणून दारात लोखंडी नळ्यांचं वळण लावलंय, माणूस तिरका होऊन जातो, व्हीलचेअर जात नाही. बाजूचं मोठं फाटक आहे, त्याला कुलूप, आणि किल्ली ज्यांच्याकडे ते जेवायला गेलेले असतात. फुकट बाग आहे आणि माझा लेक फुटपाथवर थांबलेला आहे. मी तिथे लेखी अर्ज दिला आहे आणि त्याचा पाठपुरावा सोडणार नाही.

कायदा आपल्या बाजूला आहे, हे प्रत्येक घराने पाठ करून ठेवावं. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यात २१ प्रकारचं अपंगत्व आहे, त्यात ऑटिझम आहे, सेरेब्रल पाल्सी आहे. करमणुकीच्या जागा सुगम करायच्या हे त्यातच लिहिलंय, सार्वजनिक इमारतींना मुदतही घालून दिली होती. नोव्हेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सुगमतेचे नियम नुसते मार्गदर्शक ठेवून चालणार नाहीत, बंधनकारक करा, असा निकाल दिला. अर्ज करताना हे सगळं लिहा. ‘कृपया’ जरूर लिहा, पण कलमांसकट.

काका, तुम्हाला इथे एक काम सांगते. जाण्याआधी काकूंना व्हीलचेअरवरून पु. ल. देशपांडे उद्यानात किंवा एम्प्रेस गार्डनला सकाळच्या वेळी दोन-चारदा नेऊन आणा, रविवार सोडून. हवा खायला नाही, सरावाला. किती वेळ बसवतं, पाठीला उशी लागते का, ढकलणाऱ्याला उतारावर खुर्ची आवरते का, हे इथे कळलेलं बरं. आणि विमानात स्वतःची व्हीलचेअर न्या, ती सामानाच्या वजनात धरत नाहीत. विमानकंपनीला दोन दिवस आधी तरी कळवा. तपासणीला कॅलिपरवर मशीन वाजणारच, काकूंना सांगून ठेवा, घाबरायचं नाही, ‘बाजूला खोलीत तपासा’ असं म्हणायचा त्यांना हक्क आहे.

भटक्या७१

ओवीताई, माहितीबद्दल धन्यवाद. नागरिकत्वाची अट ठाऊक नव्हती. पौडफाटा काका, माझा वरचा प्रतिसाद बाद समजा.

पौडफाटा

मंडळी, थोडं कळवतो. सौ. लेकीशी बोलली. काय बोलली ते मला सांगितलं नाही आणि मी विचारलं नाही. लेकीने नातवाच्या डॉक्टरांची वेळ घेतली आहे, पण ती जुलैच्या मध्यावर. जावई अजून ‘बघू’ म्हणतात. त्यामुळे जूनच्या सहलीला पैसे भरूनच जाऊ, पुढचं पुढे. वाळूच्या खुर्चीसाठी फोन झाला.

कालच पु. ल. देशपांडे उद्यानात जाऊन आलो. तासाभराने सौ.च्या पाठीला रग लागली, म्हणजे उशी हवीच. शेजारचा मुलगा ढकलायला आला होता, उतारावर त्याने खुर्ची उलटी करून मागे चालत उतरवली. हे मला माहीत नव्हतं, आता जावयांना दाखवतो.

ताई, एकच राहिलं. त्या वाळूच्या खुर्चीत बसताना कॅलिपर काढावं लागतं का? सौ.ला चारचौघांत काढायला नको वाटतं.

ओवी_सहकारनगर

काढायची काही गरज नाही काका. पाय पुढे लांब करून बसता येतं, कॅलिपरचं गुडघ्यापाशी असलेलं कुलूप उघडून घ्या म्हणजे ताण येणार नाही. फक्त वाळू फार बारीक असते, ती गुडघ्याच्या सांध्यात आणि बुटात शिरते. कॅलिपरवरून सैल सलवार किंवा जावयांची जुनी ट्रॅकपँट घाला आणि खाली घोट्याशी रबर लावा. संध्याकाळी कॅलिपर काढलं की कोरड्या दातांच्या ब्रशने सांधा झाडायचा, मगच तेलाचा थेंब सोडायचा. आधी तेल घातलं तर वाळू आतच बसते. ब्रश इथूनच घेऊन जा.